खंडेनवमीचं डाउनलोड

आमच्या वर्कशॉपचा मालक कोण, असं बाहेरच्या कुणी विचारलं की पोरं माझ्याकडे बोट दाखवतात, पण त्याआधी एकदा हळूच अर्जुनरावांकडे बघून घेतात. कागदावर मालकीण मी, वासंती. पण मशीन कधी चालू करायचं, कधी बंद करायचं, चपला घालून आत आलेल्याला बाहेर कसं काढायचं, हे सगळं अर्जुनराव ठरवतात. आमच्या ह्यांचे गुडघे गेल्यापासून हे पिंपळे सौदागरला घरी बसून क्रिकेट बघतात आणि मी रोज भोसरीला येऊन अर्जुनरावांचं ऐकते. तक्रार नाही. घरी कोण कुणाचं ऐकतं?

अर्जुनराव मूळचे भूमकडचे. चोविसाव्या वर्षी एक पिशवी घेऊन इकडे आले, दिघीला खोली केली आणि आमच्या पत्रा कापायच्या पॉवर प्रेसवर उभे राहिले ते आजतागायत. आता सत्तावन्न वर्षांचे आहेत. अंगाने काटक, खिशात सहा इंची स्टीलची पट्टी, आणि उजव्या हाताचं पहिलं बोट मधल्या पेरापासून नाही. नवीन पोरगा कामावर आला की पहिल्या दिवशी ते त्याला चहा पाजतात आणि ते अर्धं बोट त्याच्या डोळ्यांसमोर धरतात. "बगून घे. मशीन दोस्त नसतंय कुणाचं." पोराचा चहा तिथेच थंड होतो.

त्यांचे नियम दोनच. पहिला, समोर माणूस नसताना मशीन चालू राहता कामा नये. दुसरा, खंडेनवमीला पूजा झाली की दसऱ्याला नारळ फुटेपर्यंत मशीनला हात लावायचा नाही. हात म्हणजे हात. एका पोराने प्रेसवरचा पेढा उचलताना बोट टेकवलं, तर त्याला नाक घासायला लावलं होतं. त्या पोराच्या लग्नात हीच गोष्ट सगळ्यात जास्त वेळा सांगितली गेली.

आता पहिला नियम प्रेसला ठीक आहे हो. पण अर्जुनरावांनी तो माझ्या केबिनमधल्या कॉम्प्युटरलाही लावला. मी जेवायला उठले आणि स्क्रीन चालू दिसली की अर्जुनरावांचा जीव वरखाली. शेवटी आमचा कॉम्प्युटरवाला सुजित आला होता, त्याला उभं करून त्यांनी सांगितलं, "वहिनी उठल्या की दहा मिंटात ह्ये आपलं आपण झोपलं पायजे." सुजितने तसं करून दिलं. वर मी बदलू नये म्हणून त्या सेटिंगला पासवर्ड घातला. माझ्याच पैशाने, माझ्याच कॉम्प्युटरला. मी चिडले, बोलले, आणि मग विसरूनही गेले. कॉम्प्युटर दहा मिनिटांत झोपतो, आपल्या बापाचं काय जातं?

ते काय जातं, हे गेल्या खंडेनवमीला कळलं.

अर्जुनरावांची धाकटी मुलगी स्वरूपा. मेकॅनिकलचा डिप्लोमा केलेली, हुशार, बोलायला बापासारखीच खणखणीत. पण नशीब बघा, चाकणला एका मोठ्या कंपनीत तीन वर्षं कंत्राटावर बोल्ट आवळत होती. सात महिने काम, मग ब्रेक, मग पुन्हा नवा अर्ज. घरी आली की मैत्रिणीच्या लॅपटॉपवर डिझाइनचा सराव करायची. आणि एके दिवशी त्याच कंपनीच्या डिझाइन खात्यात एक जागा निघाली आणि कंत्राटी मुलांमधून हिला चाचणीला निवडलं. चाचणी घरी करायची. एका फिक्स्चरचं, म्हणजे पार्ट पक्का धरून ठेवायच्या साच्याचं, नवीन डिझाइन पाच दिवसांत करून द्यायचं. त्यासाठी कंपनीने अख्ख्या असेंब्ली लाइनचं स्कॅन केलेलं मॉडेल लिंकवर ठेवलं होतं. सत्तर जीबी. लिंक खंडेनवमीच्या संध्याकाळी सहाला बंद होणार. पुन्हा मिळणार नाही, असं मेलमध्ये ठळक अक्षरांत लिहिलेलं.

दिघीच्या घरी मोबाइलचं दिवसाला दोन जीबी येतं. म्हणजे महिना लागला असता. आमच्याकडे फायबरची लाइन. शिवाय स्वरूपाची त्या दिवशी पहिली शिफ्ट, मोबाइल गेटवर लॉकरमध्ये, साडेतीनपर्यंत तिला जगाची खबर नाही. सुट्टी घ्यावी तर सुपरवायझर म्हणणार, पर्मनंट व्हायच्या आधीच नखरे सुरू. तिने आदल्या रात्री मला लिंक पाठवली आणि फोनवर एवढंच म्हणाली, "काकू, पुढच्या महिन्यात माझा ब्रेक आहे. ही जागा मिळाली नाही तर पप्पा माझं लग्न ठरवतील."

अर्जुनराव तसे काही वाईट बाप नाहीत. पण पोरगी सात महिन्यांच्या तुकड्यांत जगते हे त्यांना बघवत नव्हतं, आणि माणसाला दुसरा उपाय सुचला नाही की लग्न सुचतं.

सकाळी नऊला मी स्वतः डाउनलोड लावलं. आठ तास दाखवत होतं. म्हटलं, पाचला होईल, तासभर हाताशी आहे. अर्जुनरावांना सांगितलं, "लावलंय हो." त्यांनी मान हलवली आणि प्रेस पुसायला गेले. त्या दिवशी ते मशीन पुसतात ते बघण्यासारखं असतं. आधी केरोसीन, मग कोरडं फडकं, मग हळद-कुंकू. नवरीला काय सजवतील.

दहाला पूजा सुरू झाली. मी काठापदराची साडी नेसून आरतीला उभी. प्रसाद, पोरांचे सेल्फी. पावणेअकराला केबिनमध्ये आले तर स्क्रीन काळी. माउस हलवला. उजेड आला आणि डाउनलोड तिथेच थांबलेलं. तीन टक्के. पावणेदोन तासांत तीन टक्के. कॉम्प्युटर दहा मिनिटांत झोपला होता, आणि त्याच्याबरोबर डाउनलोडही झोपलं होतं.

लगेच पुन्हा सुरू केलं. सेटिंग बदलायला गेले तर पासवर्ड. सुजितला फोन लावला तर तो दसऱ्याला गावी गेलेला, फोन बंद. आता सात तास दाखवत होतं. म्हणजे पावणेसहा. सहाला लिंक बंद. मी खुर्ची ओढली आणि ठरवलं, हरकत नाही, बसते इथेच, पाच-पाच मिनिटांनी माउस हलवते. एवढं काही अवघड नाही, नातवाला झोका देते तसंच.

बसले आणि पोरांना बोनसची पाकिटं द्यायची आठवण झाली. दोन मिनिटांसाठी बाहेर गेले हो. परत आले तर अर्जुनराव पूजेचं ताट घेऊन केबिनमध्ये. मापायच्या व्हर्नियरला कुंकू, फोनला कुंकू, मॉनिटरच्या वरच्या कडेला मधोमध कुंकवाचं बोट, कीबोर्डवर झेंडूचं फूल, माउसवर अक्षता. डोळे मिटून हात जोडलेले.

"अर्जुनराव," मी म्हटलं, "अहो, स्वरूपाचं डाउनलोड चालू आहे."

त्यांनी डोळे उघडले. "सकाळी नऊला लावलंय म्हणला की तुमी. झालं आसंल की."

त्यांना वाटलं होतं, झेरॉक्ससारखं असतं. लावलं, आलं. मी सगळं समजावलं. झोप, पासवर्ड, पावणेसहा, सहा. माउस दर दहा मिनिटांच्या आत हलला पाहिजे, नाहीतर पोरीची जागा गेली. ते ऐकत होते आणि त्यांचा चेहरा उतरत चालला होता. कॉम्प्युटर झोपवायचा हट्ट त्यांचा. पूजा त्यांनीच केलेली. आपलेच दोन्ही नियम येऊन आपल्याच मानगुटीवर बसले.

"मी हलवते," म्हटलं. "नियम तुमचा, मी नाही मानत."

"न्हाई वहिनी." इतकंच बोलले. पण त्या 'न्हाई'पुढे माझी जीभ उचलत नाही. का, ते सांगते पुढे.

सहा-सात मिनिटं गेली असतील. अर्जुनराव टेबलाकडे टक लावून बघत होते, प्रेसमधल्या बिघडलेल्या डायकडे बघतात तसे. माउसखाली गेल्या वर्षीच्या कॅलेंडरचं पान होतं, पॅड फाटल्यापासून मी तेच वापरते. त्यांनी पानाचा टेबलाबाहेर आलेला कोपरा दोन बोटांत धरला आणि हळूच अर्धा इंच ओढला. माउस जागचा हलला नाही, पान त्याच्याखालून सरकलं. आणि स्क्रीनवरचा बाण टुणकन बाजूला गेला.

"पानाला कुंकू लावलं न्हाई," अर्जुनराव म्हणाले. "त्याला हात चालतोय."

मी हसले. मग म्हटलं, ह्या माणसाला वकील व्हायला पाहिजे होतं.

पोरं पेढे घेऊन गेली. शटर अर्धं ओढलं. मशीन सगळी हार घालून गप्प, आणि केबिनमध्ये आम्ही दोघं म्हातारे एका पानाचा कोपरा राखत बसलेलो. अर्जुनराव स्टूलवर ताठ, समोर मनगटी घड्याळ काढून ठेवलेलं. आठ मिनिटं झाली की पान अर्धा इंच डावीकडे, पुढच्या आठ मिनिटांनी अर्धा इंच उजवीकडे. मी म्हटलं, मी ओढते एक वेळ, तुम्ही जेवून घ्या. तर म्हणाले, नवरात्राचा उपास हाय, आणि समोर माणूस पाहिजेच की मशीनच्या. मी माझा डबा उघडला तो लाजत लाजत खाल्ला. त्यांना शेंगदाण्याचे दोन लाडू दिले, ते त्यांनी डाव्या हाताने खाल्ले. उजवा पानावर.

दुपारभर बसलं की माणूस बोलतो. मलाही बोलायचं होतंच, पंचवीस वर्षं झाली.

नव्याण्णव सालची खंडेनवमी. पूजा झाली होती, प्रेसला हार होता. आमचे हे गावाला गेलेले. तेवढ्यात एका गिऱ्हाईकाचा माणूस दारात, दोनशे पीस आजच पाहिजेत म्हणून अडून बसला. मी नवीन होते, गिऱ्हाईक तुटेल ह्या भीतीने अर्धी मेलेली. मी म्हटलं, "अर्जुनराव, तेवढा हार काढा आणि दोनशे पीस काढून टाका." त्यांनी एकदा माझ्याकडे बघितलं आणि हार काढला. दीडशेच्या आसपास कधीतरी हात आत असताना पायडलवर पाय पडला.

देवीचा कोप झाला असं मी म्हणत नाही. उपाशी माणूस, दुपारची वेळ, घाई, आणि मशीनला गार्ड नाही. दोष होता तो घाईचा, आणि घाई माझी होती. पण अर्जुनरावांनी दवाखान्यात ह्यांना सांगितलं ते असं, "पूजेचं मशीन मी चालवलं, मला शिक्षा मिळाली." त्यात माझं नाव कुठेच नव्हतं. पुढेही कधी आलं नाही. दुसरा नियम तेव्हापासूनचा. आता कळलं ना माझी जीभ का उचलत नाही? त्या नियमाच्या पदराखाली पंचवीस वर्षं मीच लपून बसले आहे.

"अर्जुनराव," मी म्हटलं, "त्या दिवशी मी तुम्हाला..."

"आठ मिंटं झाली," ते म्हणाले आणि पान ओढलं.

थोड्या वेळाने पुन्हा धीर केला. "त्या दोनशे पीसचं म्हणत होते..."

"वहिनी, सत्तेचाळीस टक्के झालंय बगा."

दोनदा झालं. तिसऱ्यांदा मी गप्प बसले. काही माणसांना माफी मागू दिली जात नाही, आणि ती खरी शिक्षा असते. मी आपली पदराने डोळे पुसून चष्म्याला नावं ठेवली.

पावणेपाचला अठ्ठ्याऐंशी टक्के. अर्जुनरावांच्या चेहऱ्यावर जरा रंग आला. भिंतीला पाठ टेकून म्हणाले, "लहान होती तवा स्पाईन रोड वलांडताना हेच बोट धरायची. दुसरी चार बोटं दिली तर सोडून द्यायची. म्हणायची, ह्ये माझ्या मापाचं हाय." आणि ते अर्धं बोट स्वतःच बघत बसले.

तेवढ्यात लाइट गेली.

कॉम्प्युटरला खाली बॅटरीचा डबा आहे, तो पीं पीं करत चालू राहिला. पण नेटचा डबा भिंतीवर, त्याला बॅटरी नाही. तो विझला. सहा मिनिटांनी लाइट आली, आणखी दोन मिनिटांनी नेट आलं. स्क्रीनवर मात्र डाउनलोड थांबलेलं, आणि खाली एक बटण. 'पुन्हा सुरू करा'. ते दाबलं की राहिलेलं येणार. दाबलं नाही तर काही नाही. घड्याळात चार पंचावन्न. राहिलेल्याला पन्नास मिनिटं दाखवत होतं.

अर्जुनरावांनी पानाचा कोपरा धरला. इकडे ओढ, तिकडे ओढ, थोडं खाली. मिलिमीटरचं काम करणारा हात तो, बाण बरोबर बटणाच्या मधोमध आणून ठेवला. आणि थांबले. पान ओढून बाण नेता येतो, बटण दाबता येत नाही. त्यासाठी माउसवर बोट ठेवावंच लागतं.

"मी दाबते," मी उठले. "जे काय व्हायचं ते मला होऊ दे. नव्याण्णवलाही मलाच व्हायला पाहिजे होतं."

बोलून गेले एकदाचं. अर्जुनरावांनी माझ्याकडे बघितलं, त्या दिवशी हार काढायच्या आधी बघितलं होतं तसंच.

"तुमी भायेर थांबा वहिनी," ते म्हणाले. "जरा चहाचं बगा."

मला माहीत होतं, सणाच्या दिवशी टपरी बंद असते. त्यांनाही माहीत होतं. मी बाहेर आले आणि केबिनच्या काचेतून बघत उभी राहिले. लाज सोडून बघत होते.

त्यांनी माठातलं पाणी घेऊन हात धुतले. रुमालाला पुसले. कॉम्प्युटरसमोर उभे राहिले, हात जोडले, पुटपुटले काहीतरी. मग माउसवरच्या अक्षता एक-एक करून डाव्या हाताने बाजूला केल्या. उजव्या हाताची मूठ केली, त्यातून ते अर्धं बोट तेवढं बाहेर काढलं आणि बटण दाबलं. दाबून लगेच हात मागे घेतला. प्रेसवर घेतात तसा.

टक्के पुन्हा हलायला लागले.

स्वरूपा साडेपाचला आली, कंपनीच्या बसमधून उतरून धावत, युनिफॉर्मवरच. पाच बेचाळीसला शंभर टक्के झालं. ती मटकन माझ्या खुर्चीत बसली आणि हार्ड डिस्क काढून जोडायला पुढे झाली, तर बाप मधे आडवा.

"उद्या. नारळ फुटल्यावर. फाइल आता कुटं पळून जात न्हाई."

"पप्पा, प्लीज."

"उद्या म्हणलं ना."

मी तिला समजावलं, अगं मिळालं ना, उद्या सकाळी घेऊन जा. दिवसाचं रामायण सांगितलं. पासवर्ड, कुंकू, कॅलेंडरचं पान. ती पोट धरून हसली. मग लाइट गेल्याचं सांगितलं आणि ती हसायची थांबली. शेवटी ती ह्यातलीच मुलगी, तिच्या लगेच लक्षात आलं.

"नेट गेलं तर क्लिक करावं लागतं," ती म्हणाली. "कुणी केलं?"

अर्जुनराव घड्याळ मनगटावर बांधत होते, ते बांधता बांधता त्यांनी उजवा हात तिच्यापुढे केला.

"ह्यानं," म्हणाले. "ह्याच्याकडनं घ्यायचं ते मशीननं कवाच घेतलंय. आता ह्याचं काय न्यायचं राहिलंय?"

स्वरूपाने ते बोट धरलं. मी मात्र रडले, अगदी आवाज करून, आणि ह्या वेळी चष्म्याला दोष दिला नाही. अर्जुनरावांनी बघितलं, आणि पंचवीस वर्षांत पहिल्यांदा मला "आठ मिंटं झाली" असलं काही म्हणाले नाहीत. नुसती मान हलवली. "झालं वहिनी. मिटलं त्ये." एवढंच.

नोकरी लागली तिला, दिवाळीनंतर. त्या खंडेनवमीच्या संध्याकाळी मी शटर लावून वळले तर ते दोघं स्पाईन रोड ओलांडत होते. गाड्या भरधाव, आणि तेवीस वर्षांची ती घोडी बापाचं अर्धं बोट मुठीत धरून चालली होती.